अभिनेत्री सुलोचना : सीमाभागातील एक कलासाधना



स्नेहसंमेलनाच्या तालमी सुरू झाल्या की दरवर्षी एक-दोन गुणी मुले मागे सरतात. “गुरुजी, माझं बोलणं ऐकून लोक हसतील,” असे त्यांचे म्हणणे असते. आपल्या दुबलगुंडीत मराठीच्या शेजारी कन्नड आणि दखनी नांदतात. तेव्हा मराठीला त्यांचा थोडा रंग चढावा, यात नवल नाही. आम्ही तर घरी कोकणी बोलणारे. महाविद्यालयात आमच्या हेलाला सहाध्यायी हसले आणि त्या भयाने आम्ही वक्तृत्वस्पर्धेतून नाव मागे घेतले. ती रुखरुख अद्याप गेलेली नाही. म्हणूनच सीमाभागातील एका थोर अभिनेत्रीचे चरित्र आज आपणांपुढे ठेवीत आहोत.

सुलोचनाबाईंचा जन्म ३० जुलै १९२८ रोजी बेळगाव जिल्ह्यातील खडकलाट या खेड्यात झाला. निपाणीच्या परिसरातील हे गाव आज आपल्याच कर्नाटक राज्यात आहे. त्यांचे शालेय शिक्षण बेताचेच झाले. कोल्हापूर हे त्या काळी मराठी बोलपटांचे माहेरघर होते. मास्टर विनायक यांच्या ‘प्रफुल्ल पिक्चर्स’च्या ‘चिमुकला संसार’ (१९४३) या चित्रपटात त्यांना लहानसे काम मिळाले. जिभेवर मात्र खेड्याची बोली होती.

पुढे भालजी पेंढारकर यांचा जयप्रभा स्टुडिओ हेच त्यांचे गुरुकुल झाले. उच्चार कसा करावा, कोठे थांबावे, नजर कशी ठेवावी, हे त्या तेथे परिश्रमपूर्वक शिकल्या. १९४८ च्या जाळपोळीत तो स्टुडिओ भस्मसात झाला. भालजींनी तो पुन्हा उभा केला आणि १९४९ साली आलेल्या ‘मीठभाकर’ने सुलोचनाबाईंना घरोघरी पोहोचविले.

त्यांच्या तीन भूमिका अभ्यासण्याजोग्या आहेत. ‘वहिनींच्या बांगड्या’ (१९५३) मध्ये त्या दिरावर आईसारखी माया करणारी वहिनी आहेत. ‘मराठा तितुका मेळवावा’ (१९६४) मध्ये त्या जिजाबाई झाल्या. तेथे तीच वाणी करारी होते. बिमल रॉय यांच्या ‘सुजाता’ (१९५९) या हिंदी चित्रपटातील त्यांची भूमिका अधिक अवघड. अस्पृश्य कुळातील अनाथ मुलीला ही गृहिणी वाढविते, तिच्यावर जीव लावते. पण ‘मुलगी’ न म्हणता ‘मुलीसारखी’ म्हणते. अखेर त्याच मुलीच्या रक्ताने तिचे प्राण वाचतात. माया आणि जातीचा संकोच यांचा हा झगडा त्यांनी आक्रस्ताळेपणा न करता दाखविला. तेव्हा त्या अवघ्या तिशीच्या घरात होत्या आणि पडद्यावरील मुलगी नूतन त्यांच्याहून केवळ आठ वर्षांनी लहान! पुढे हिंदी चित्रसृष्टीने त्यांना बहुधा आईच्याच भूमिका दिल्या. ती चौकट अरुंद होती. तिच्यातही त्यांनी जिवंतपणा ओतला.

अडीचशेहून अधिक चित्रपटांत त्यांनी कामे केली. १९९९ साली ‘पद्मश्री’ आणि २००९ चा ‘महाराष्ट्र भूषण’ हे सन्मान त्यांना लाभले. ४ जून २०२३ रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले.

या चरित्रातून काय घ्यावे? बोली हा दोष नव्हे. अस्पष्ट उच्चार हा दोष आहे आणि तो अभ्यासाने जातो. सुलोचनाबाईंनी नवी वाणी कमावली, ती टिंगल करणाऱ्यांना उत्तर देऊन नव्हे, तर रोज काम करून. आपणही दररोज एक पान मोठ्याने वाचावे. शेवटच्या बाकापर्यंत प्रत्येक अक्षर पोहोचते की नाही, हे मित्राकडून तपासून घ्यावे. आणि कोणी रंगमंचावर अडखळला, तर इतरांनी हसू नये. आम्ही त्या वेळी मागे सरलो. आपण सरू नये, एवढीच इच्छा.