डालमेशियन कुत्र्याचे ठिपके : सृष्टिविज्ञानाच्या पाठासाठी टिपण

पांढऱ्या अंगावर काळे किंवा तपकिरी वाटोळे ठिपके असलेला डालमेशियन कुत्रा पुष्कळ मुलांनी चित्रात पाहिलेला असतो. १९६१ सालच्या वॉल्ट डिस्ने यांच्या चित्रपटाने तो जगभर पोचविला. परंतु या जातीचे पिलू जन्मते ते बहुधा पांढरे शुभ्र, ही गोष्ट फार थोड्यांस ठाऊक असते. ठिपके साधारणतः दहा-पंधरा दिवसांनी उमटू लागतात व पुढे काही महिने त्यांत भर पडत राहते. शिक्षकांनी हे प्रथम सांगू नये. कोरे पिलू व ठिपकेदार कुत्रा अशी दोन चित्रे फळ्यावर काढून ‘ठिपके आले कोठून?’ एवढेच विचारावे.

एखादे मूल घरी ऐकलेले सांगेल, की आईने ग्रहणात काही चिरले म्हणून पोराच्या अंगावर डाग उठतो. या उत्तरास हसू नये, पण ते तसेच सोडूही नये. कारण या समजुतीपायी बाळाच्या अंगावरील डागाचा दोष कित्येक घरांत बिचाऱ्या बाळंतिणीच्या माथी येतो. डालमेशियन कुत्रीच्या प्रत्येक वेतास, ग्रहण असो वा नसो, ठिपके येतातच, हे मुलांकडूनच वदवून घ्यावे.

खरे कारण आनुवंशिक आहे. गर्भावस्थेत रंग तयार करणाऱ्या पेशी पाठीच्या रेषेजवळून निघून सर्व अंगभर पसरतात. या जातीत एका आनुवंशिक गुणामुळे बहुतेक कातडी त्यांच्यावाचून राहते, म्हणून अंग पांढरे. दुसरा गुण त्या पांढऱ्या जागी मागाहून ठिपके उमटवितो.

काही पिलांच्या कानावर वा डोक्यावर मात्र जन्मतःच मोठा सलग डाग असतो. प्रदर्शनांत असा कुत्रा बाद ठरतो. ही निवड केवळ दिखाऊपणाची म्हणावी लागेल. कारण डागवाल्या पिलांत बहिरेपणा कमी आढळतो. रंगपेशी आतल्या कानासही लागतात. तेथे त्या पोचल्या नाहीत, तर ऐकण्याच्या नाजूक पेशी पहिल्या काही आठवड्यांतच नष्ट होतात. अमेरिकेतील तपासणीत या जातीची शेकडा सुमारे २२ कुत्री एका कानाने व ८ दोन्ही कानांनी बहिरी आढळली. अर्थात पांढरा प्राणी म्हणजे बहिराच, असा समज मुलांचा होऊ देऊ नये.

दोन्ही कानांनी बहिरे पिलूही भावंडांच्या हालचालीवरून उठते-धावते, म्हणून चटकन ध्यानात येत नाही. एका कानाने बहिरे तर यंत्राच्या तपासणीवाचून ओळखणे कठीणच.

येथे शिक्षकांनी आपल्या वर्गाकडेही पाहावे. एका बाजूने हाक मारली असता ओ देणारे व दुसऱ्या बाजूने मारली असता गप्प राहणारे, गलबल्यात शब्द चुकविणारे, आवाज कोठून आला हे न कळून भोवती पाहणारे मूल ‘लक्ष देत नाही’ म्हणून शिक्षेस पात्र ठरते. अशा मुलास त्याचा चांगला कान शिक्षकांकडे राहील अशा जागी पुढे बसवावे, पालकांस बोलावून सांगावे, व आरोग्य तपासणीचे पथक शाळेत येईल तेव्हा त्याचे नाव आठवणीने पुढे करावे.