ध्रुवाच्या दोन आया आणि माझा फोनवरचा आवाज



आजचं वाचन : श्रीमद्भागवत, चौथा स्कंध, अध्याय ८. ध्रुवाची गोष्ट. लहानपणी आजीकडून ऐकलेली, त्यामुळे 'माहितीये' म्हणून मी कायम पुढे जायचे. या वेळी पुढे जाता आलं नाही. का, ते सांगते.

आमच्या फ्रिजवर मी एक कागद चिकटवलाय. माझी लेक साडेपाच वर्षांची आहे, नुकतीच अक्षरं जुळवून वाचायला लागलीये. म्हणून रंगीत स्केचपेनने लिहिलं, 'गोड बोलावे', 'सर्वांना मदत करावी', 'कोणाला हसू नये'. रोज सकाळी दूध पिताना ती ते मोठ्याने वाचते. मला फार कौतुक वाटायचं. संस्कार चालू आहेत ना घरात!

मागच्या आठवड्यात किराणा घेऊन येणारा मुलगा डी विंगऐवजी बी विंगला गेला. माझी ऑफिसची मीटिंग चालू होती, त्याचे तीन फोन येऊन गेले होते. चौथ्यांदा फोन वाजल्यावर मी जे बोलले ते इथे लिहायलाही लाज वाटते. त्याला वाचता येतं का, अक्कल आहे का, असंच काहीतरी. दोन मिनिटांत तो दारात आला, पिशव्या ठेवल्या, खाली बघूनच "सॉरी मॅडम" म्हणाला आणि गेला. मी विसरूनही गेले.

दोन दिवसांनी लेक टीव्हीचा रिमोट कानाला लावून खेळत होती. समोर बाहुली. आणि माझ्याच चालीत, माझ्याच पट्टीत, "वाचता येत नाही का तुला? अक्कल आहे का?" शेवटी उसासासुद्धा माझाच.

मी ओरडले, "असं बोलायचं नाही, कितीदा सांगितलं!" आणि ओरडता ओरडताच कळलं की हाही तोच आवाज आहे.

त्या रात्री भागवत उघडलं. गोष्ट तुम्हाला ठाऊक आहेच. उत्तानपाद राजाला दोन राण्या, सुनीती आणि सुरुची. राजाचा जीव सुरुचीवर. तिचा मुलगा उत्तम बापाच्या मांडीवर बसलेला, ध्रुवही चढायला गेला. तेव्हा सुरुची त्याला म्हणाली, तू माझ्या पोटी जन्मला नाहीस, हे आसन तुझं नव्हे. हवं असेल तर देवाची तपश्चर्या कर आणि पुढच्या वेळी माझ्या पोटी ये. समोर पाच वर्षांचं पोर आहे, हे लक्षात घ्या. आणि बाप? तो बघत होता. काही बोलला नाही. भागवतकारांनी राजाच्या या गप्प बसण्याची नोंद मुद्दाम केलीये. आपण मात्र सगळा दोष सुरुचीवर टाकतो आणि राजाला सोडून देतो. घरात एक जण मुलाला टाकून बोलतो तेव्हा दुसरा फोनमध्ये डोकं घालून बसतो, तो हाच उत्तानपाद.

पोर रडत आईकडे येतं. आता सुनीती काय करते? पहिल्यांदा ती स्वतः रडते. 'रडतोस काय मुलीसारखा' असलं काही नाही. तिचा धीर सुटतो, ती मोठा श्वास घेते, आणि मग बोलते. तिचं पहिलं सांगणं हे की, बाळा, दुसऱ्याचं वाईट चिंतू नकोस. माणूस दुसऱ्याला जे दुःख देतो ते त्याच्याच वाट्याला येतं. स्वतःचा अपमान झालेला, नवऱ्याने दुर्लक्षिलेली बाई, सवतीविरुद्ध मुलाचे कान भरायची आयती संधी. तिने ती घेतली नाही. उलट म्हणाली, सुरुची बोलली ते खरं आहे, आणि तिने सांगितलंय तसं भगवंताची आराधना कर. म्हणजे ज्या टोमण्याने मूल कोसळलं, त्याच टोमण्यातून तिने देवाचं नाव तेवढं वेचून घेतलं आणि मुलाच्या हातात दिलं. बाकीचं तिथेच टाकून दिलं.

गीतेच्या सतराव्या अध्यायात वाणीचं तप सांगितलंय. ऐकणाऱ्याचं मन ढवळून न काढणारं, खरं, आवडेल असं आणि हिताचं, हे सगळं एकाच बोलण्यात असावं अशी अपेक्षा आहे. आपण मुलांना यातलं फक्त 'गोड' तेवढं शिकवतो. संक्रांतीचा तिळगूळ वर्षभर पुरवायचा प्रयत्न. पण नुसतं गोड तर खोटंही असू शकतं. सुनीतीने 'काही नाही झालं, जा खेळ' असं सांगितलं असतं तर ते गोडच होतं. ती खरं बोलली, आणि तरी मुलाला उभं केलं. मला अजून जमत नाही हे.

त्याच अध्यायात थोडं पुढे आणखी एक बोचरी गोष्ट आहे. मानसन्मान मिळावा म्हणून, दिखाव्यासाठी केलेलं तप राजस, आणि ते टिकत नाही. पाहुणे आले की आपण म्हणतो, "काकूंना थँक्यू म्हण! म्हण ना! काय शिकवलंय तुला?" मूल भिंतीला चिकटतं, आपण लाल होतो. यात दया कुठे आहे? यात माझी परीक्षा चालू आहे आणि पेपर मुलाने लिहायचाय.

आता खरं रुतलेलं वाक्य. ध्रुव वनाकडे निघाल्यावर वाटेत नारद भेटतात, त्याला समजावतात, मान-अपमान मनाला लावून घेऊ नकोस, घरी जा. तर हा पाच वर्षांचा मुलगा सांगतो की सुरुचीच्या शब्दांच्या बाणांनी माझं हृदय भोकं पडल्यासारखं झालंय, तुमचा उपदेश त्यात टिकत नाही.

नारदांचा उपदेश! आणि मी फ्रिजवरच्या कागदावर भिस्त ठेवून बसलेले.

पुढच्या, नवव्या अध्यायात तर असंही येतं की प्रत्यक्ष भगवंताचं दर्शन झालं तरी सावत्र आईचे ते बोल ध्रुवाच्या मनात होतेच, त्यांच्यामुळे मुक्ती मागायची राहिली म्हणून त्याला हळहळ वाटली. पण घरी परतल्यावर तो सुरुचीच्याही पाया पडला. तिने त्याला उठवून जवळ घेतलं आणि दाटल्या गळ्याने म्हणाली, जगत राहा बाळा. तीच जीभ. सुनीतीचं ते पहिलं सांगणं मुलाने धरून ठेवलं होतं, असं मला वाचताना वाटलं.

ही गोष्ट मी लेकीला झोपताना सांगितली, सुरुचीला राक्षसीण न करता. आणि मग सांगून टाकलं की त्या दिवशी फोनवर आई सुरुचीसारखी बोलली होती. ती उठूनच बसली. "मग तू त्या दादाला सॉरी म्हणालीस?"

नाही म्हणाले. आता नंबर नाही, रोज वेगळा मुलगा येतो.

"मग तो घरी जाऊन रडला असेल?"

मला माहीत नाही, म्हटलं. तिने पांघरूण ओढलं, जरा वेळाने म्हणाली, "त्याची आई असेल ना पण."

फ्रिजवरचा कागद अजून तिथेच आहे. काढला नाही, पण आता दूध पिताना तो मीही वाचते, तिच्याबरोबर, मोठ्याने. परवा एका फोनला चढ्या आवाजात सुरुवात केली तर समोरून तिने नुसतं त्या कागदाकडे बोट दाखवलं. राग आला होता, खरं सांगते.

उद्या नारदांनी ध्रुवाला सांगितलेली ध्यानाची पद्धत वाचू. अध्याय तोच, ८.

राम कृष्ण हरी.