कोपऱ्यातला माणूस

सापगाव, ता. शहापूर
मार्गशीर्ष शुद्ध पंचमी

चि. बाळ,

तुझे पत्र व त्यासोबतचा करारनाम्याचा मसुदा परवा दुपारी पोचला. खळ्यावर झोडणी चालू होती, म्हणून पाकीट तसेच कोनाड्यात ठेवले आणि रात्री जेवणे आटोपल्यावर ओटीवर दिव्याखाली बसून दोन्ही कागद सावकाश दोनदा वाचले. कचेरीत ३० वर्षे दस्तऐवज, फेरफार आणि कबुलायती वाचण्यात गेल्यामुळे कोणताही कागद शेवटाकडून आरंभाकडे वाचण्याची सवय मला लागली आहे. कारण माणसाला जे सांगताना जड जाते ते तो बहुधा शेवटी लिहितो. तुझ्या पत्रातही तसेच झाले आहे. दोन वर्षांची मुदत, पाच लढती, पहिली लढत १८ दिवसांनी, आज ५३ किलो असलेले वजन तोवर ४९ वर आणायचे, हे सर्व तू मोठ्या उत्साहाने लिहिलेस, आणि अगदी तळाशी, आईला नमस्कार सांगण्याच्या आधी, एक ओळ घातलीस की उजवीकडची दाढ ठणकते आहे, पण ते लढत झाल्यावर पाहू. त्या ओळीने मला झोप लागू दिली नाही.

तुझ्या खोलीत फिलिपिनो मुष्टियोद्धा मॅनी पॅकियाओ याचे चित्र लावलेले मी पाहिले आहे. परंतु त्याच देशातल्या ज्या माणसाने त्याच्यासाठी वाट पाडली त्याचे चरित्र तुला ठाऊक आहे असे मला वाटत नाही, म्हणून ते आधी सांगतो. फिलिपिन्समधल्या नेग्रोस बेटावर इलोग नावाच्या गावी १९०१ साली फ्रान्सिस्को गिलेदो नावाचा मुलगा जन्मला. बालपण दारिद्र्यात गेले, शहरात येऊन त्याने लोकांचे बूट पुसले, आणि पुढे पांचो व्हिया या नावाने तो साऱ्या जगाला माहीत झाला. उंची जेमतेम ५ फूट १ इंच. वजन ११२ पौंडांच्या आत, म्हणजे ५१ किलोहून थोडे कमीच. तुझ्याच गटातला माणूस. १८ जून १९२३ रोजी न्यूयॉर्कच्या पोलो ग्राउंड्सवर त्याने जिमी वाइल्ड या नामांकित वेल्श योद्ध्याला सातव्या फेरीत लोळविले व फ्लायवेटचे जागतिक अजिंक्यपद मिळविले. आशियात जन्मलेल्या कोणाही मुष्टियोद्ध्याला तोवर हा मान मिळाला नव्हता.

दोन वर्षांनी, ४ जुलै १९२५ रोजी, सॅन फ्रान्सिस्कोच्या खाडीपलीकडे जिमी मॅक्लार्निनशी त्याची लढत ठरली होती. दाढेला पू झाला होता, तोंड सुजले होते, त्याच सकाळी दात काढावा लागला होता; तरी तो रिंगमध्ये उतरला आणि सुजलेला जबडा एका हाताने सांभाळीत दहा फेऱ्या लढून हरला. मागाहून आणखी दात काढले, विश्रांतीचा सल्ला त्याने मानला नाही, विष गळ्यात उतरले आणि १४ जुलैला तो गेला. वयाची २४ वर्षे पुरी होण्यास अडीच आठवडे उरले होते. पेनिसिलिनचा शोध त्यानंतर तीन वर्षांनी लागला, हे खरे. आज कोणी दाढेने मरत नाही असे तू म्हणशील. पण बाळ, मला त्या दाढेपेक्षा त्या सकाळचे भय अधिक वाटते. अंगात ताप मुरलेला असताना आणि तोंड वाकडे झालेले असताना, ‘आज नाही’ असे म्हणून त्याचा हात धरून त्याला घरी नेणारा माणूस त्या सकाळी पुढे झाला नाही.

तसा माणूस मला भेटला होता, म्हणून मी हे लिहितो. माझे वय तेव्हा १९, अंगावर तालमीचे तेज, आणि पौषातल्या एका जत्रेत चांगल्या जोडीशी कुस्ती ठरलेली. आदल्या दोन रात्री हिवतापाने मी कुडकुडलो होतो, पण ही गोष्ट मी घरात आणि तालमीत कोणासही कळू दिली नाही. हलगी वाजत होती, माणसे झाडांवर चढून बसली होती, मी आखाड्यात उतरलो. वस्तादांनी नेहमीप्रमाणे मूठभर माती माझ्या तळहातावर चोळली आणि चोळता चोळता त्यांचा हात थांबला. त्यांनी तळहात उलटा करून पाहिला, मग मनगट धरले, आणि एक शब्दही न बोलता मला त्या सर्व लोकांसमोर आखाड्याबाहेर काढले. लोक हसले. मी दोन महिने वस्तादांशी बोललो नाही. मला वाटले, ह्यांनी माझी अब्रू घालविली. त्यांनी काय राखले हे समजण्यास मला पुढची २० वर्षे लागली, आणि समजले तेव्हा ते सांगण्यास वस्ताद राहिले नव्हते. ही खंत मी अद्याप बाळगून आहे.

तुमच्या खेळात वस्तादाची जागा रिंगच्या कोपऱ्यात असते. कोपऱ्यातला माणूस म्हणजे पाणी पाजणारा आणि वारा घालणारा नव्हे. लढणाऱ्याची बुद्धी जेव्हा रक्ताने आणि ईर्ष्येने झाकोळते तेव्हा त्याच्या वतीने विचार करण्याचा अखत्यार ज्याच्याकडे असतो, तो. १ ऑक्टोबर १९७५ रोजी मनिलाजवळ क्वेझोन सिटीत महंमद अली व जो फ्रेझर यांची तिसरी लढत झाली. ती वजनदारांची लढत होती, तरी तिच्यातील एक गोष्ट हलक्या गटातल्या प्रत्येक मुलाने लक्षात ठेवावी. १४ फेऱ्या झाल्या होत्या, फ्रेझरचे डोळे सुजून मिटत आले होते, आणि तो शेवटच्या फेरीसाठी उठू पाहत असताना त्याचे गुरू एडी फच यांनी लढत थांबविली. फ्रेझरने विरोध केला. फच बधले नाहीत. एक फेरी अधिक लढला असता तर काय झाले असते यावर आजही वाद होतात. मला त्या वादात रस नाही. फ्रेझर आपल्या पायांनी घरी गेला, एवढे मला पुरे.

ह्याच फचकडे पुढे फ्रेडी रोच नावाचा एक हलक्या वजनाचा मुष्टियोद्धा शिकत होता. त्याच्या हालचालीत बिघाड दिसू लागताच फचनी त्याला खेळ सोडण्यास सांगितले. त्याने ऐकले नाही; गुरूस सोडून तो आणखी काही लढती लढला, त्यांतल्या बहुतेक हरला, आणि पुढे ऐन उमेदीत त्याला कंपवात जडला. मग तोच रोच गुरू झाला आणि २००१ साली लॉस एंजल्समधल्या त्याच्या तालमीत एक २२ वर्षांचा फिलिपिनो पोरगा येऊन उभा राहिला, तो तुझ्या भिंतीवरचा पॅकियाओ. ज्याने स्वतः गुरूचा शब्द मोडला आणि त्याचे मोल आपल्या शरीराने चुकते केले, असा गुरू त्याला मिळाला. पॅकियाओने आठ वजनगटांत अजिंक्यपदे मिळविली त्यात त्याच्या डाव्या हाताचा वाटा मोठा आहेच, पण मी त्या परंपरेचा वाटाही तेवढाच मोठा मानतो.

आता वजनाविषयी. पॅकियाओने ४ डिसेंबर १९९८ रोजी थायलंडमध्ये जाऊन ११२ पौंडांचे जागतिक अजिंक्यपद जिंकले तेव्हा तो २० वर्षांचाही नव्हता, अंग अजून भरत होते. पुढच्या सप्टेंबरात पुन्हा त्याच वजनात शिरण्याचा त्याने आटापिटा केला. काटा काही खाली येईना, अजिंक्यपदाचा पट्टा काट्यावरच गेला, आणि लढतीत तिसऱ्या फेरीला पोटावर बसलेल्या ठोशाने तो खाली बसला तो उठला नाही. त्यानंतर त्याने वजन आणखी उतरविण्याचा हट्ट धरला नाही. तो दहा पौंड वरच्या गटात गेला. तू मला उलट विचारशील की २३ जून २००१ ची लास व्हेगासमधली लेड्वाबा नावाच्या मुष्टियोद्ध्याविरुद्धची लढतही त्याने दोनच आठवड्यांच्या सूचनेवर स्वीकारली होती, मग मी १८ दिवसांत का भिऊ? त्याचे उत्तर असे, की तो १२२ पौंडांवर लढला, म्हणजे ज्या वजनात त्याचे शरीर आपण होऊन स्थिरावले होते त्या वजनात. आणि तुला तर चार किलो खाली उतरविण्याची घाई चालली आहे. अल्प मुदत आणि उपाशी शरीर ही दोन संकटे एकत्र आली, की दुसरे पहिल्याला गिळते.

चार किलो १८ दिवसांत जातात ते मांसाचे नसतात, बहुतांशी पाण्याचे असतात. तू शेतकऱ्याचा मुलगा आहेस, तुला हे वेगळे सांगायला नको. खळ्यावरचे ओले भात काट्यावर जड भरते म्हणून व्यापारी ते घेत नाही आणि आपण वाळवतो. पण उन्हात प्रमाणाबाहेर वाळलेले भात गिरणीत घातले की तांदूळ अखंड निघत नाही, त्याची कणी होते. बाहेरून दाणा तसाच पिवळाधमक दिसत असतो, आतून त्याला चिरा गेलेल्या असतात. घाम काढून, पाणी तोडून, अंगावर रबरी कपडे चढवून पळून जे वजन उतरते ते तसेच असते. वैद्यकातली माणसे सांगतात की मेंदूभोवतीचे पाणी हेच ठोशाच्या वेळी त्याचे अंथरूण असते, आणि शरीर शुष्क असताना डोक्यावर बसलेला मार अधिक घातक ठरू शकतो. आदल्या दिवशी वजन दिले आणि रात्रीतून चार तांबे पाणी प्यालो, म्हणजे अंथरूण पूर्ववत झाले, असे समजू नकोस.

आपल्याकडचा दाखला देतो. कराडजवळच्या गोळेश्वरचे खाशाबा जाधव कुस्तीचे, पण गट तुझ्यासारखाच हलका. १९४८ साली लंडनला ते ५२ किलोच्या गटात सहावे आले. मातीवर वाढलेल्या माणसाला मॅटचा सराव नव्हता. चार वर्षांनी हेलसिंकीला जाण्यासाठी पैसा नव्हता, तेव्हा कोल्हापूरच्या राजाराम महाविद्यालयाचे प्राचार्य खर्डेकर यांनी आपले राहते घर गहाण ठेवून ७,००० रुपये उभे केले. गहाणखत म्हणजे काय हे मी आयुष्यभर पाहिले आहे. त्यावर सही करताना भल्याभल्यांचे हात थरथरतात, आणि तेही बहुधा स्वतःच्या मुलाबाळांसाठी असते. ह्या गृहस्थांनी ती सही विद्यार्थ्यासाठी केली. खाशाबांनी ५७ किलोच्या गटात कांस्यपदक आणले, १९५२ सालचे, स्वतंत्र भारताचे पहिले वैयक्तिक ऑलिम्पिक पदक. कराडला त्यांच्या स्वागतासाठी शंभराहून अधिक बैलगाड्या निघाल्या. मग त्यांनी कोल्हापुरात कुस्त्यांचे फड भरविले आणि त्यातून आलेल्या पैशाने प्राचार्यांचे घर सोडविले.

परंतु ह्या कथेतला जो भाग लोक भराभर सांगून पुढे जातात, तिथेच मी नेहमी अडतो. जपानच्या इशीशी झालेल्या दीर्घ कुस्तीने खाशाबा पुरते थकले होते आणि लगेच त्यांना सोव्हिएत मल्ल मम्मदबेयोव्हशी लढण्यास बोलावले. दोन कुस्त्यांत अर्ध्या तासाची विश्रांती मिळावी असा नियम होता, पण त्या नियमावर बोट ठेवून ‘थांबा’ म्हणणारा एकही भारतीय अधिकारी तेथे हजर नव्हता. इशीला सुवर्ण मिळाले, मम्मदबेयोव्हला रौप्य. खाशाबांच्या बळात काही उणे नव्हते. त्यांचा कोपरा रिकामा होता. एका बाजूला घर गहाण टाकणारा प्राचार्य आणि दुसऱ्या बाजूला ती रिकामी जागा, ही दोन्ही चित्रे एकाच माणसाच्या आयुष्यात आहेत, आणि तुझा करार वाचताना ती दोन्ही माझ्यासमोर होती. पुढे १९५५ साली ते पोलीस खात्यात फौजदार म्हणून लागले व निवृत्तीपर्यंत त्यांनी चाकरी केली. म्हणून तुझी नोकरी इतक्यात सोडू नकोस, हेही जाता जाता लिहून ठेवतो.

धंदेवाईक मुष्टियुद्धाला मी कमी लेखत नाही. अंगमेहनतीचा मोबदला घेण्यात लाज कसली? तुला लढायचे असेल तर मी आडवा येणार नाही आणि तुझ्या आईचीही समजूत घालीन. पण ह्या मसुद्यात जे आहे त्याहून जे नाही तेच मला अधिक खटकते. चौथ्या कलमात प्रतिस्पर्धी आणि वजन बदलण्याचा अधिकार आयोजकाकडे आहे, तुझ्या संमतीचा त्यात उल्लेख नाही. सहाव्यात कोपऱ्यात कोण उभे राहील हे तेच ठरविणार. म्हणजे ज्याचा पैसा लढत चालू राहण्यात गुंतला आहे, त्याचाच माणूस ती थांबविण्याच्या जागी! जमिनीच्या खटल्यात वादीचाच मुखत्यार प्रतिवादीच्या बाजूने उभा राहिला तर आपण काय म्हणू? इस्पितळाच्या खर्चाविषयी तर अवघा कागद मुका आहे. ही कलमे मी पेन्सिलीने सुधारून दिली आहेत: तुझ्या लेखी संमतीवाचून ५१ च्या खालचे वजन नाही, कोपऱ्यात तुझे स्वतःचे गुरुजी, आणि लढतीपूर्वी तू निवडलेल्या डॉक्टरची तपासणी. हे त्यांना मान्य नसेल तर कागद सही न करता परत कर. सही न केलेला कागद कोणाचे काही बिघडवीत नाही.

तुझ्या गुरुजींना हे पत्र वाचून दाखव. ते रागावले तर मी येऊन भेटेन. खळे आटोपले की मला सवड आहे. भातसा नदीवरून गार वारा सुटला आहे, लिहिताना बोटे आखडतात, म्हणून थांबतो. तुझ्या काकूने पाच पायली तांदूळ काढून ठेवले आहेत, येणाऱ्या माणसाबरोबर धाडतो. आणि उद्या सकाळी सरावाला जाण्यापूर्वी दंतवैद्याकडे जा. दाढ काढली की ठेवली, सूज किती, किती दिवस विश्रांती सांगितली, हे मला त्याच दिवशी फोन करून कळव.

तुझा,
काका