आराखड्यावरचं दुसरं नाव

विदर्भ एक्स्प्रेसने मुंबईला उतरलं की आपण नागपूरकर स्टेशनबाहेर येऊन मान वर करतो आणि तो घुमट बघतो. ही इमारत कोणाची, असं विचारलं की मी एकच नाव सांगायचो : एफ. डब्ल्यू. स्टीव्हन्स. उत्तर बरोबर, पण अर्धंच.

स्टीव्हन्स १८४७ साली इंग्लंडमधल्या बाथ गावी जन्मले आणि १८६७ मध्ये सार्वजनिक बांधकाम खात्यात नोकरीला भारतात आले. १८७८ मध्ये सुरू झालेलं व्हिक्टोरिया टर्मिनसचं काम दहा वर्षं चाललं. यातला घुमट आपण सिव्हिलवाल्यांनी नीट बघावा असा आहे. तो अष्टकोनी असून त्याच्या दगडी फासळ्या एकमेकींत खाचा करून बसवल्या आहेत, आणि तो चक्क सेंटरिंगशिवाय उभारला गेला! २००४ मध्ये ही इमारत जागतिक वारसा यादीत गेली.

या कामावर असिस्टंट इंजिनिअर होते रावसाहेब सीताराम खंडेराव वैद्य. आराखडा कागदावर कितीही सुंदर असो, पाया, मापं, दगडांची जोडणी हे सगळं साइटवरच्या माणसाला जमवावं लागतं. वैद्य तिथे घडले.

पुढे जमशेटजी टाटांनी मुंबईत ताजमहाल हॉटेल काढायचं ठरवलं. हे तेच जमशेटजी, ज्यांची एम्प्रेस मिल १८७७ साली आपल्या नागपुरात सुरू झाली होती. ताजच्या आराखड्याचं काम वैद्य आणि डी. एन. मिर्झा यांच्याकडे आलं. काम पुरं होण्याआधीच वैद्य वारले. मग डब्ल्यू. ए. चेंबर्स यांनी ते पूर्ण केलं आणि १६ डिसेंबर १९०३ रोजी ताज उघडलं.

आता गंमत बघा. ताजबद्दल एक दंतकथा सांगतात. परदेशी आर्किटेक्टने नकाशा दिला, इमारत उलटी बांधली गेली आणि त्या धक्क्याने त्याने जीव दिला! खरं तर आधीचं प्रवेशद्वार शहराच्या बाजूला मुद्दामच ठेवलं होतं, म्हणजे जास्त खोल्यांना समुद्र मिळाला. पण मला खटकतं ते वेगळंच. नसलेला परदेशी आर्किटेक्ट सगळ्यांना पाठ आहे, आणि असलेले वैद्य कोणाला माहीत नाहीत.

ड्रॉइंग शीटच्या कोपऱ्यातला नावांचा चौकोन आपण घाईघाईत भरतो. निदान आपल्या प्रोजेक्टवर तरी, ज्याने काम केलं त्याचं नाव सुटू नये, एवढंच.