आधी शिखर, मग पाया

घर बांधावयाचे झाले म्हणजे प्रथम पाया खणतात, मग भिंती उभ्या राहतात आणि सर्वांत शेवटी छप्पर चढते. जगाचा हा नियम जेथे उलटा झाला, असे एक मंदिर छत्रपती संभाजीनगरपासून सुमारे 30 किलोमीटरवर, वेरूळच्या डोंगरात आहे. त्याचे शिखर आधी झाले आणि पाया शेवटी. दगडावर दगड रचून ते उभारलेलेच नाही. वेरूळच्या 34 लेण्यांपैकी सोळावे, ते हे कैलास लेणे.

डोंगरावरच्या वाटेने वर चढून गेल्यास हा चमत्कार चांगला ध्यानात येतो. कड्याच्या काठाशी एकाएकी जमीन संपते आणि खाली मंदिराचे छत दिसू लागते. छतावर मोठे कमळ कोरलेले असून त्याभोवती चार सिंह उभे आहेत. एरवी मंदिराचे छत पाहावयास पक्षीच व्हावे लागते. येथे मात्र ते माणसाच्या पायांखाली असते.

असे विलक्षण स्थळ असले, की त्यामागे कथा जन्मास येतेच. कृष्ण याज्ञवल्की यांच्या ‘कथाकल्पतरू’ या जुन्या मराठी ग्रंथात ती आढळते. एक राजा व्याधीने पीडला होता. त्याच्या राणीने, माणिकावतीने, घृष्णेश्वराला नवस केला, की राजा बरा झाल्यास शिवाचे मंदिर उभारीन आणि त्याचे शिखर दृष्टीस पडेपर्यंत अन्न घेणार नाही. राजा बरा झाला. पण शिखर चढावयास कित्येक महिने लागतील, असे कारागीर सांगू लागले. तोवर राणीचे प्राण कसे राहावे? तेव्हा पैठणचा कोकस नावाचा स्थपती पुढे झाला. आठवडाभरात शिखर दाखवितो, असे वचन देऊन त्याने डोंगर माथ्याकडूनच कोरावयास आरंभ केला.

ही कथा म्हणजे इतिहास नव्हे. तथापि कामाची रीत तिने अचूक सांगितली आहे. राष्ट्रकूट राजा कृष्ण पहिला याच्या कारकिर्दीत, म्हणजे इ. स. 756 ते 773 या काळात, मंदिराचे मुख्य काम झाले असे मानतात. पाथरवटांनी डोंगराच्या माथ्यावरून दोन बाजूंना व मागे असे तीन खोल चर खणले. मध्ये खडकाचा एक प्रचंड ठोकळा सुटा उरला. त्यावर उभे राहून त्यांनी शिखर कोरले आणि कोरीत कोरीत ते खाली उतरत गेले. त्यामुळे उंच परांची बांधण्याचे कारणच पडले नाही. मंदिराभोवतीचे आवार सुमारे 276 फूट लांब व 154 फूट रुंद असून मागील कडा 100 फुटांहून अधिक उंच आहे. एवढ्या जागेतून दीड ते दोन लाख टन खडक फोडून काढला असावा, असा अभ्यासकांचा अंदाज आहे. लेणे या शब्दाचा दुसरा अर्थ अलंकार. येथे तर डोंगराचाच अलंकार घडविला आहे.

परंतु श्रमांहून योजना कठीण होती. बांधकामात एखादा दगड फुटला, तर दुसरा आणून बसविता येतो. येथे चुकीचा एक घाव पडला, तर गेलेला खडक परत कोठून आणावा? शिखरावर टाकी चालत होती, तेव्हा खालचा गाभारा अजून भरीव खडकच होता. कोठे खांब राखावयाचा, कोठे पोकळी करावयाची, हे सारे आधीच मनात ठरलेले असले पाहिजे. नंदीमंडप व मुख्य मंदिर यांमधील पूल कोणी बांधला नाही. त्याच्या खालचा खडक काढून टाकला आणि पूल उरला! मंदिराच्या जोत्यावर हत्तींची रांग आहे. सारे मंदिर त्यांच्याच पाठीवर तोललेले दिसते. पण कोरीत खाली येताना त्यांची पाळी आली, ती शिखरानंतर कितीतरी काळाने.

हे रूप सर्वस्वी नवे होते, असे मात्र नाही. कर्नाटकातील पट्टदकल येथे त्यापूर्वीच चालुक्यांच्या काळात विरूपाक्षाचे मंदिर नेहमीच्या रीतीने, खालून वर, बांधले गेले होते. कैलासाची ठेवण त्याच्याशी पुष्कळ जुळते. वेरूळच्या कारागिरांनी तेच रूप जणू उलट्या क्रमाने पाहिले.

इ. स. 812 च्या सुमारास राष्ट्रकूट घराण्याच्या गुजरात शाखेतील कर्कराजाने दिलेला एक ताम्रपट वडोदरा येथे सापडला आहे. एलापूरच्या डोंगरावर कृष्णराजाने करविलेल्या अद्भुत मंदिराचा त्यात उल्लेख येतो. एलापूर म्हणजेच वेरूळ. विमानांतून जाणारे देव ते पाहून थक्क झाले, असे त्यात वर्णन आहे. असे वर्णन राजस्तुतीत येणारच. पण त्यापुढे असेही म्हटले आहे, की काम पुरे झाल्यावर ते करणारा स्थपती स्वतःच आश्चर्यात पडला. हे आपल्या हातून कसे घडले, याचा उलगडा त्याला होईना. त्या स्थपतीचे नाव मात्र ताम्रपटात कोठेही नाही.