युरोपचा साखर-कोटा आणि मॉरिशसचा ऊस



मागच्या गटसभेत एका सभासदाने विचारले, "साहेब, बड्या श्रीमंत देशांशी व्यापार-करार झाला, तर आपल्या साखरेला तिकडचा भाव मिळंल का?" त्या वेळी तोडणी टोळ्यांच्या तक्रारी चालल्या होत्या, उत्तर राहून गेले. ते येथे देत आहोत, आणि उदाहरण साखरेचेच घेत आहोत.

28 फेब्रुवारी 1975 रोजी आफ्रिकेत लोमे या गावी एक करार झाला. एका बाजूस युरोपीय आर्थिक समुदायाचे 9 देश, दुसऱ्या बाजूस आफ्रिका, कॅरिबियन बेटे व पॅसिफिक भागातील 46 विकसनशील देश. त्यात साखरेचा मसुदा वेगळा होता. दरवर्षी सुमारे 13 लाख टन उसाची साखर युरोपने हमी भावाने घ्यायची, आणि तो भाव तिथल्या बीट-साखरेच्या भावाशी बांधलेला. जागतिक बाजारापेक्षा तो बहुतेक वर्षी बराच चढा असे. सर्वांत मोठा कोटा मॉरिशसचा, सुमारे 4.91 लाख टन. भारताचाही वेगळ्या कराराने छोटा कोटा होता. कोटा म्हणजे आपल्याकडची उसाची नोंदच म्हणा ना. नोंद करून ऊस घातला नाही की जे होते तेच तिथे होई, साखर न देणाऱ्याचा कोटा कापला जाई.

हे काही युरोपचे दान नव्हते. 1973 साली ब्रिटन समुदायात आला, त्याचे शुद्धीकरण कारखाने वसाहतींच्या कच्च्या साखरेवर चालत. त्यात 1974 साली जागतिक भाव आभाळाला भिडले. साखर मिळते की नाही, ही धास्ती घेणाऱ्यालाच होती, म्हणून अटी चांगल्या मिळाल्या.

पुढे ती धास्ती सरली. युरोपात बीटची साखर उतू जाऊ लागली, ती अनुदान देऊन बाहेर खपवली जाई. ब्राझील, ऑस्ट्रेलिया व थायलंड यांनी जागतिक व्यापार संघटनेत तक्रार केली आणि 2005 साली निकाल युरोपविरुद्ध गेला. 2006 पासून युरोपने आपला भाव टप्प्याटप्प्याने 36 टक्के उतरवला. कच्ची साखर टनाला 523.7 युरोवरून 335.2 वर आली. करार तर बेमुदत होता! पण त्यातच दोन वर्षांच्या नोटिशीचे कलम होते. (करारपत्राची मागची पाने आपल्यापैकी तरी किती जण वाचतात?) 2007 साली नोटीस आली, 30 सप्टेंबर 2009 ला साखरेचा मसुदा संपला.

त्याच्या जागी आले ते दुतर्फी करार. पूर्वी सवलत एकतर्फी होती, आता या देशांनीही युरोपच्या मालावरील जकात हळूहळू काढायची. कॅरिबियन देशांनी 2008 साली सही केली, 25 वर्षांपर्यंतची मुदत मिळवली. गयानाने आधी आढेवेढे घेतले, मग केली.

सेंट किट्स बेटावर भावकपात येण्याआधीच, 2005 च्या हंगामानंतर साखरधंदा बंद पडला. मॉरिशसने दुसरा मार्ग धरला. ज्या बेटावर आपले मराठी लोक गेल्या शतकाआधीपासून ऊसमळ्यांत राबले, तिथे 11 कारखान्यांचे आज 3 राहिले आहेत. कच्च्या साखरेऐवजी पांढरी शुद्ध साखर आणि डेमेरारासारख्या खास साखरा, शिवाय चिपाडावर वीज. कारखाने तगले. पण लहान बागायतदार? त्यांतल्या पुष्कळांनी ऊस सोडला, जमिनी पडीक पडल्या. आम्हाला तरी हिशेबातली ही बाजू जास्त बोचते. 2017 साली युरोपने आपल्या बीटवरील उत्पादन-मर्यादाही उठवली, तेव्हा भाव पुन्हा घसरले.

मॉरिशसने 2021 साली भारताशीही करार केला, त्यात त्यांच्या खास साखरेला आपण सवलत दिली आहे. त्याची माहिती पुढील अंकी देऊ. शंका असल्यास गट ऑफिसात लिहून द्याव्यात.