फिरते खेळाडू
बंगळूरच्या कंठीरव क्रीडागृहात देशासाठी बास्केटबॉल खेळणे हा मान होय. परदेशी व्यावसायिक संघातील खेळ ही मात्र उपजीविका असते. अमृतपाल सिंग व अमज्योत सिंग या भारतीय खेळाडूंची वाटचाल याचे उदाहरण आहे. दोघेही प्रथम जपानच्या टोकियो एक्सलन्स संघाकडून खेळले. २०१७ साली अमृतपाल ऑस्ट्रेलियातील सिडनी किंग्ज संघात, तर अमज्योत अमेरिकेतील ओक्लाहोमा सिटी ब्लू संघात दाखल झाले. पुढच्याच हंगामात अमज्योत यांना विस्कॉन्सिन हर्डची वाट धरावी लागली. असे करार बहुधा एका हंगामापुरतेच असतात आणि अनेक देशांत परक्यांसाठीच्या जागाही मोजक्या. म्हणून निवड झाली तरी स्थैर्य लाभत नाही. नव्या गावी योग्यता पुन्हा सिद्ध करावीच लागते.